परवानगीचा संप

आमचे मालक आयुष्यात फार थोडे खटले हरले, आणि जे जिंकले त्यांपैकी एकाचाही त्यांनी उपयोग करून घेतला नाही.

मिलच्या मागच्या भिंतीला लागून जमिनीची एक पट्टी होती, बैलगाडी जेमतेम वळेल एवढी. शेजारी तिथं आपली गाय बांधायचा. मालकांनी त्याच्यावर दावा लावला. दावा इतका लांबला की मूळची गाय मरून तिची कालवड त्या खुंट्याला आली. शेवटी निकाल मालकांच्या बाजूनं लागला आणि ताबा घ्यायचा हुकूम झाला. मी नुकताच नोकरीला लागलो होतो. उत्साहानं विचारलं, "मालक, बेलिफाला कधी बोलवायचं?"

"कायले?"

"गाय अजून तिथंच आहे."

"मंग? पहिले थे गाय जबरदस्तीनं उभी होती. आता माह्या मर्जीनं उभी हाय. फरक नाही समजत तुम्हाले?"

मला समजत नव्हता. गाईलाही समजत नसावा. पण त्या दिवसापासून मालक संध्याकाळी मागच्या दारानं निघत, गाईच्या पाठीवर हात फिरवत आणि समाधानानं घरी जात.

मी कारध्याचा. भंडाऱ्याला बी.कॉम. झालो आणि तुमसरच्या पुढं, आंबागडच्या रस्त्यावर, यांच्या राईस मिलमध्ये हिशेब लिहायला गेलो. माझं नाव तिथं कोणी विचारलं नाही. पहिल्या दिवसापासून मी 'दिवाणजी'. त्यांनाही कोणी नावानं हाक मारत नसे. गावाला ते मालक, मिलच्या मजुरांना मालक, आणि घरातली माणसंही त्यांच्या माघारी मालकच म्हणत.

दिसायला ते वकिलासारखे दिसत, म्हणजे तसे दिसायची त्यांची इच्छा होती. धोतरावर काळा कोट, भर वैशाखातसुद्धा. शिक्षण मॅट्रिक. नागपूरच्या वकिलाकडे जाताना चिन्नोर तांदळाची पिशवी घेऊन जात आणि तिथं पोचल्यावर वकिलालाच कायदा समजावून सांगत. स्वतः मात्र भात खात नसत. राईस मिलचा मालक दोन्ही वेळा ज्वारीची भाकर खातो याचं मला नवल वाटे. एकदा विचारलं तर म्हणाले, "दिवसभर पायतो तेच रात्री ताटात कायले पाहू?"

एकदा तुमसर रोडच्या स्टेशनावर पॅसेंजर गाडी वेळेच्या आधी सुटली आणि मालक फलाटावर राहिले. त्यांनी रेल्वेवर दावा ठोकला. कितीतरी तारखा झाल्या. रेल्वेनं अखेर चूक कबूल केली, भरपाई मंजूर झाली, ती घेऊन जा म्हणून सूचना आली. मालक गेलेच नाहीत. "कबूल केलं ना त्याइनं? झालं तं."

अशा माणसाच्या मिलमध्ये संप झाला.

आमची मिल उसन्या, म्हणजे उकड्या तांदळाची. धान आधी हौदात भिजवायचं, मग बॉयलरच्या वाफेवर उकडायचं, मग सिमेंटच्या मोठ्या पटांगणात उन्हात वाळवायचं आणि शेवटी भरडायचं. वाळवायचं काम बायांचं. आजूबाजूच्या गावांमधून त्या पहाटे निघून पायी येत. पटांगणभर पसरलेल्या धानात रांगेनं चालायच्या आणि पावलांनी ओळी पाडत धान पलटवायच्या. दुपारी त्या सिमेंटवर उघडा पाय टेकवून पाहिला म्हणजे ते काम काय आहे ते कळे.

या बायांची मुकादम होती सगुणाबाई. मालकांच्या वडिलांच्या वेळेपासूनची. उंच, हाडाची, बोलायला कमी. धान वाळलं की नाही हे ठरवायला ती दाणा दातांखाली धरायची, आणि तिनं मान हलवली की पोती भरायला सुरुवात व्हायची. मालक तिला 'सगुणा' म्हणत, ती त्यांना 'मालक जी'.

भांडण झालं ते ढगांवरून. सकाळी बाया फाटकाशी जमल्या की मालक ऑफिसच्या पायरीवर येऊन आभाळाकडे पाहत. ऊन पडणार असं वाटलं तर फाटक उघडायचं. ढग दिसले तर म्हणत, "आज नाही." बाया आल्या पावली परत जात आणि त्या दिवसाची मजुरी बुडे. कधी कधी असंही व्हायचं की बाया गावाच्या वेशीपर्यंत पोचायच्या आणि कडक ऊन पडायचं.

आणीबाणी उठून थोडाच काळ झाला होता. तुमसरला युनियनचं ऑफिस पुन्हा उघडलं. तिथला सेक्रेटरी एक तरुण माणूस होता. शाळेतली मास्तरकी सोडून यात पडलेला, खादीचा झोळा आणि सायकल घेऊन गावोगाव फिरणारा. त्यानं बायांना आणि हमालांना गोळा केलं आणि मागणी मांडली की ढगाळ दिवसाचीही हाजरी लागली पाहिजे.

मालकांना हे पटणंच शक्य नव्हतं. "आभाळ माह्यं हाय का? त्याचा पगार मी कायले देऊ?"

"मग आभाळाकडे बघून फाटक तुम्ही का बंद करता?" सेक्रेटरीनं विचारलं.

मालकांना मुद्दा आवडला असावा. त्यांच्या चेहऱ्यावर क्षणभर ते दिसलं. पण ते नाही म्हणाले, आणि संप सुरू झाला.

बाया आणि हमाल फाटकासमोर बसले. ट्रक आत येईना, बाहेर जाईना. हौदात धान भिजत घातलेलं होतं. दुसऱ्या दिवशी सगुणाबाई एकटी उठून फाटकाच्या गजांशी आली.

"मालक जी, हौदातलं धान सडून राह्यलं. आमी वाफ देऊन, वाळवून देतो. मंग पुन्हा येऊन बसतो."

मालक गजांच्या आत उभे होते. "संप हाय का नाही?"

"हाय ना जी."

"मंग धानाले हात लावू नको. संपात कोणी काम करते का? संपाची काही इज्जत ठेव."

सगुणाबाई त्यांच्याकडे पाहत राहिली आणि परत जाऊन बसली. धान सडलं. त्याचा वास हळूहळू रस्त्यापर्यंत आला, मग गावात गेला. जेवणाच्या घासालाही तो वास येऊ लागला.

मालक कोर्टात गेले. आधी भंडाऱ्याला मनाईहुकूम मिळवला, की युनियनच्या लोकांनी फाटक अडवू नये. पोलिसांनी तो पाहिला आणि सांगितलं, ही दिवाणी बाब आहे, आमच्याकडे माणसं नाहीत. मग मालक नागपूरला हायकोर्टात गेले आणि तिथून पोलिसांनाच हुकूम आणला. मिलला संरक्षण द्यावं, मालाची आणि कामावर येऊ इच्छिणाऱ्या मजुरांची ये-जा मोकळी ठेवावी. तो हुकूम घेऊन ते आले तेव्हा त्यांना इतकं खुशीत मी कधी पाहिलं नव्हतं. मला समोर बसवून त्यांनी तो वाचून दाखवला. आवडलेलं वाक्य आलं की थांबत आणि पुन्हा वाचत.

दुसऱ्या दिवशी पोलिसांची गाडी आली. फौजदार साताऱ्याकडचे होते, इकडे नवीन बदलून आलेले. त्यांनी फाटकासमोरच्या गर्दीचा अंदाज घेतला, शिपायांना रांगेत उभं केलं आणि आत येऊन म्हणाले, "चला, ट्रक काढा. आम्ही रस्ता मोकळा करून देतो."

"नाही," मालक म्हणाले.

"म्हणजे?"

"त्याइले बसू द्या."

"अहो, तुम्ही हायकोर्टातून ऑर्डर आणलीय!"

"आणली ना. म्हणूनच म्हणतो, बसू द्या. काल थे माही वाट अडवून बसले होते. आज माह्या परवानगीनं बसले हायेत."

फौजदारांनी माझ्याकडे पाहिलं. मी दौतीचं झाकण लावत होतो.

"मग आम्हाला कशाला बोलावलंत?"

"तुम्ही राहा. तुम्ही हाय म्हणून थे माह्या मर्जीनं बसले हायेत. तुम्ही गेले का त्याइच्या मर्जीनं बसतीन."

आणि असंच सुरू राहिलं. रोज सकाळी मालक काळा कोट घालून फाटकाशी येत आणि बसलेल्या मंडळींना मोठ्यानं सांगत, "आज दिवसभर बसाची परवानगी हाय." सेक्रेटरी संतापानं लाल होई. घोषणा सुरू होत. एकदा तो फाटकाचे गज धरून ओरडला, "आम्ही तुमच्या परवानगीनं बसलेलो नाही!"

"म्हणा ना," मालक म्हणाले, "म्हणाचीबी परवानगी हाय."

शिपाई कंटाळून गेले. नाकाला रुमाल बांधून सावलीत पत्ते खेळत. हमालांनी त्यांना पाणी आणून द्यायला सुरुवात केली, मग तंबाखूची देवाणघेवाण झाली, आणि थोड्याच दिवसांत कोणाच्या गावाला कोणाची बहीण दिली आहे इथपर्यंत ओळखी निघाल्या. फौजदार मात्र रोज एकदा आत येऊन विचारत, "आज?" आणि मालक मान हलवत.

त्या काळात एकदा दुपारी ऑफिसात आम्ही दोघंच होतो. बाहेर घोषणा चालू होत्या. मालक आपणहून बोलायला लागले. त्यांच्या लहानपणी गावचं तळं मालगुजाराच्या, म्हणजे जमीनदाराच्या ताब्यात होतं. धान पिवळं पडायला लागलं की त्यांचे वडील पाणी सोडा म्हणून मालगुजाराच्या दारात जाऊन उभे राहत. बस म्हणून कोणी म्हणत नसे. कधी पाणी मिळे, कधी नुसतं उभं राहून परत यावं लागे.

"बाप माहा हिमतीचा माणूस होता," ते म्हणाले, "पण त्याले कोणाले कधी ना हो म्हणता आलं, ना नाही म्हणता आलं. दुसरेच म्हणत. मी ठरवलं, हो म्हणन तं मी म्हणन."

मग एकदम उठून बॉयलरकडे गेले. पुन्हा त्यांनी हा विषय काढला नाही.

त्यांचा मुलगा नागपूरला शिकून तिथंच धंदा पाहत होता. तो जीप घेऊन आला, हौदाजवळ जाऊन आला आणि मला म्हणाला, "मालकांना वेड लागलं आहे का?" त्याचं चुकत होतं असं नाही. गोदामात तयार तांदूळ पडून होता, व्यापारी खोळंबले होते, आणि हातात हायकोर्टाचा हुकूम असताना मालक रोज सकाळी फाटकावर परवानग्या वाटत होते. बापलेकांचं कडाक्याचं भांडण झालं. मुलगा गेला नाही, राहिला.

मग एक दिवस कामगार अधिकाऱ्यांनी मालकांना चर्चेसाठी भंडाऱ्याला बोलावलं. मालक सकाळच्या एसटीनं गेले. त्या दिवशी परवानगी सांगायला कोणी फाटकावर आलं नाही. मुलानं फौजदारांना आत बोलावलं आणि सांगितलं की आज मिलच्या वतीनं मी आहे, ट्रक काढायचे आहेत. फौजदारांनी एकदाच विचारलं, "नक्की?" त्यांना इतके दिवस जे करायला पाठवलं होतं ते अखेर करायला मिळत होतं.

मी ऑफिसच्या खिडकीतून पाहत होतो. भरलेला ट्रक फाटकापर्यंत आला. फाटक उघडलं. फौजदारांनी बाजूला व्हायला सांगितलं. सेक्रेटरी त्या दिवशी भंडाऱ्यालाच होता, त्याच चर्चेला. सगुणाबाई पुढं आली आणि ट्रकच्या समोर खाली बसली. तिच्यामागं बाकीच्या बसल्या. फौजदारांनी पुन्हा सांगितलं. कोणी उठलं नाही. मग लाठ्या चालल्या. आदल्या दिवशी ज्यांच्याबरोबर तंबाखू मळली होती तेच हात होते. फार वेळ चाललं नाही. धूळ खाली बसली तेव्हा रस्ता मोकळा होता, चपला पडल्या होत्या, आणि सगुणाबाई डावा हात उजव्या हातात धरून रस्त्याच्या कडेला उभी होती. कोपराच्या खाली हात भलत्याच दिशेला वळला होता. ट्रक गेला. बाकीच्यांना पळवून लावलं, आणि सगुणाबाईसकट काही बायांना आणि हमालांना पोलिसांनी गाडीत घातलं. बेकायदा जमाव केला आणि वाट अडवली म्हणून.

मालक संध्याकाळी आले. मी सांगितलं. ते ऐकून घेताना त्यांनी कोटाचं एकही बटण काढलं नाही. मुलाला काही बोलले नाहीत. तसेच वळून तुमसरच्या सरकारी दवाखान्यात गेले, मी त्यांच्याबरोबर होतो. सगुणाबाई खाटेवर बसली होती, हाताला ओलं प्लास्टर, दारात शिपाई.

"सगुणा, मी सांगतलं नोहतं," मालक म्हणाले.

ती शांतपणे म्हणाली, "कागद तं तुमच्याच नावाचा होता ना जी?"

मालक थोडा वेळ खाटेच्या पायथ्याशी उभे राहिले. खोलीत स्टूल होतं, पण ते बसले नाहीत.

दुसऱ्याच दिवशी ते नागपूरला गेले आणि आपल्याला संरक्षण नको असा अर्ज करून आले. वकिलानं त्यांना सांगितलं म्हणे, की इतका चांगला हुकूम परत करणारा पक्षकार मी पाहिला नाही. पोलीस गेले. मुलगाही जीप घेऊन गेला. फाटकावर पुन्हा बाया बसल्या. मालक मात्र सकाळी फाटकाशी आले नाहीत. काही दिवसांनी त्यांनी सेक्रेटरीला आत बोलावलं.

"बसून पगार देणार नाही," ते म्हणाले. "ढग असन त्या दिवशी पोत्याले टाके घाला, गोदाम झाडा, काहीबी करा. हाजरी पुरी लागन."

सेक्रेटरीला यात डाव दिसत होता. त्यानं सगुणाबाईकडे पाहिलं. जामिनावर सुटून ती आली होती, हात गळ्यात बांधलेला. ती म्हणाली, "सुई-दोरा मिलचा राहीन. आमी घरून आणणार नाही."

"मिलचा," मालक म्हणाले, आणि संप मिटला.

त्यानंतर ती मिल बरीच वर्षं चालली. सगुणाबाईचा हात वाकडाच राहिला, पण धान पलटवायला पाय लागत. ढगाळ दिवशी बाया गोदामात पोती शिवायच्या, आणि मालक दारातून जाताना मुद्दाम आत पाहत नसत. मला पुढं बँकेत नोकरी लागली आणि मी साकोलीला गेलो. मालक वारल्याचं मला तिथं एका ट्रक ड्रायव्हरकडून कळलं. मुलानं मिल विकली. नव्या मालकानं वाळवायची यंत्रं आणली, तेव्हा पटांगणाचं कामच संपलं. आता तिथं काय आहे मला माहीत नाही.

पण त्या खटल्याचं सांगायचं राहिलं. संप मिटला तरी पोलिसांनी भरलेली केस तशीच होती. मालक फौजदारांकडे गेले आणि म्हणाले, केस मागं घ्या. फौजदार म्हणाले, "आता ती सरकारची आहे. तुमच्या हातात नाही." मालकांना हे फार लागलं. आपल्या फाटकावर घडलेल्या गोष्टीची केस आपली नाही, हे त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा ऐकलं.

तुमसरच्या कोर्टात मालक सरकारतर्फे साक्षीदार होते. सरकारी वकिलानं विचारलं, "आरोपींनी तुमचं फाटक अडवलं होतं?"

"नाही."

"ते फाटकासमोर बसले होते ना?"

"होते. माह्या परवानगीनं."

सरकारी वकील गडबडला. त्यानं फौजदारांना उभं केलं, आणि फौजदारांना कबूल करावं लागलं की हे गृहस्थ रोज सकाळी सगळ्यांसमोर परवानगी देत असत, आणि ती परत घेतल्याचं त्यांनी कधी सांगितलं नव्हतं. युनियनच्या वकिलानं खालून सेक्रेटरीचा हात दाबला. परवानगी असेल तर अडवणूक कसली आणि बेकायदा जमाव कसला? केस संपल्यात जमा होती. मालक साक्ष देऊन माझ्या शेजारी बाकावर येऊन बसले. गाईच्या पाठीवर हात फिरवताना दिसायचे तसे दिसत होते.

मॅजिस्ट्रेट तरुण होते. आरोपींना एकेकाला विचारायची वेळ आली. पहिली सगुणाबाई. वकिलानं तिला शिकवून ठेवलं होतं की मालक म्हणाले ते खरं, एवढंच म्हणायचं.

"साक्षीदार म्हणतात तुम्ही त्यांच्या परवानगीनं बसला होता. तुम्हाला काही सांगायचं आहे?"

"हो साहेब. थे खरं नाही."

वकील अर्धा उठला. मॅजिस्ट्रेटांनी त्याला बसायची खूण केली. "नीट समजून बोला बाई. यानं तुमचं नुकसान होईल."

"हात तं मोडलाच हाय साहेब."

"मालक म्हणतात परवानगी होती. तुम्ही म्हणता नव्हती. मी कोणाचं ऐकू?"

"जे बसले होते त्याइचं आयका." तिनं वाकडा हात कठड्यावर ठेवला. "इतके साल आमी त्या फाटकातून यांच्या मर्जीनं आत गेलो अन् यांच्या मर्जीनं घरी गेलो. संपाचे तेवढेच दिवस आमी आमच्या मर्जीनं बसलो होतो. आता थेबी हे आपलेच म्हणून राह्यले."

टाईप करणारा कारकून थांबला होता, मॅजिस्ट्रेटांनी त्याला लिहायला सांगितलं. नंतरच्या प्रत्येकीनं आणि हमालांनीही एकच उत्तर दिलं, सगुणाबाई म्हणते तेच.

मालक समोर पाहत होते. बऱ्याच वेळानं माझ्याकडे न पाहता हळूच म्हणाले, "पॉइंट बरोबर हाय." आणि मग अजून थोड्या वेळानं, "माह्या ध्यानात यायला पाहिजे होता."

निकाल पुढच्या तारखेला लागला. सगळे दोषी. शिक्षा कोर्ट उठेपर्यंत. म्हणजे दिवसभर तिथंच कोर्टात बसून राहायचं, कोर्टाचं काम संपलं की सुटका. बाया मागच्या भिंतीला टेकून खाली बसल्या. दुसऱ्यांच्या केसेस चालत राहिल्या. मालकांचं आता काहीच काम नव्हतं. सकाळीच परत जाता आलं असतं. ते बाहेर लिंबाच्या झाडाखाली बसून राहिले. मीही राहिलो. पुकारा करणाऱ्या शिपायानं त्यांना ओळखून आत खुर्चीवर बसा म्हटलं, तर नको म्हणाले.

कोर्ट उठलं. आम्ही सगळेच स्टँडवर आलो, कारण आमच्या गावाकडे जाणारी गाडी एकच उरली होती. बाया आधी चढल्या, हमाल चढले, मग गावातली आणखी माणसं. मालक शेवटी चढले. गाडी भरलेली होती. सगुणाबाई खिडकीशी बसली होती आणि तिच्या शेजारी जागा होती, तिथं तिचं गाठोडं होतं. मालकांना पाहून एकदोन हमाल उठायला लागले. त्यांनी हातानं त्यांना खाली बसवलं आणि दांडी धरून उभे राहिले. गाडी सुटली. रस्ता खराब होता, आणि मालकांचं वय झालं होतं. एका वळणावर ते जवळजवळ कोलमडले.

सावरून त्यांनी सगुणाबाईकडे पाहिलं, मग त्या जागेकडे.

"बसू का?" ते म्हणाले.

इतक्या दिवसांत मी त्यांना कोणालाही असं काही विचारताना ऐकलं नव्हतं.

"मले कायले इचारता जी?" सगुणाबाई म्हणाली. "गाडी सरकारची हाय."

तिनं गाठोडं उचलून मांडीवर घेतलं आणि खिडकीबाहेर पाहू लागली. मालक बसले. कंडक्टर आला तेव्हा दोघांनी आपापलं तिकीट काढलं.